'सिंहगड' मूकपट आणि देवासच्या अक्कासाहेब

धार-देवासच्या आपल्या मराठी घरांत थोरल्या पातीच्या राणीसाहेबांचा विषय निघाला, की एकच वाक्य ऐकू येतं: "त्या माहेरी निघून गेल्या." पुढे काय झालं, ते कोणी सांगत नाही.

राधाबाई ऊर्फ अक्कासाहेब या कोल्हापूरच्या शाहू महाराजांच्या कन्या. १९०८ साली देवासच्या तुकोजीराव (तिसरे) पवारांशी त्यांचं लग्न झालं. संसार टिकला नाही. त्या कोल्हापूरला परतल्या. १९२१ मध्ये महाराजांचे खासगी सचिव असलेले इंग्रज कादंबरीकार फॉर्स्टर यांच्या 'द हिल ऑफ देवी' (१९५३) या पुस्तकामुळे ही ताटातूट जगाला कळली, पण ती महाराजांच्या मित्राच्या नजरेतून.

त्या काळात कोल्हापुरात दुसरंच काही घडत होतं. बाबूराव पेंटरांनी सहकाऱ्यांसह स्वतःचा कॅमेरा बनवला होता. मी पेशाने इंजिनिअर. फिल्मची पट्टी प्रत्येक चौकटीला क्षणभर थांबवून पुढे सरकवणं किती नाजूक काम आहे, याची मला कल्पना आहे. पण त्याहून अवघड गोष्ट त्यांनी 'सैरंध्री'त (१९२०) केली: स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांना दिल्या. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'त (१९१३) तारामती झाले होते अण्णा साळुंके. जपानी मूकपटांतही साधारण १९२० पर्यंत पुरुषच स्त्रिया साकारत. कोल्हापुरात पुढे आलेल्या गुलाबबाई आणि अनसूयाबाईंना समाजाने वाळीत टाकलं. त्यांना स्टुडिओतच राहावं लागलं.

याच गुलाबबाई 'कमलादेवी' या नावाने 'सिंहगड'मध्ये (१९२३) दिसल्या. हरिभाऊ आपट्यांच्या कादंबरीवरचा हा ऐतिहासिक मूकपट. तानाजी बाळासाहेब यादव, तर म्हातारे शेलारमामा झाले अवघ्या बावीस वर्षांचे शांताराम! कथा १६७० ची, पण पडद्यावरची बाई मात्र नव्या काळाची होती.

आता आपल्या राणीसाहेबांकडे येऊ. बोलपटांच्या काळात अक्कासाहेबांनी कोल्हापुरात 'शालिनी सिनेटोन' उभी केली. तिथेच बाबूरावांनी आपल्या १९२५ च्या 'सावकारी पाश' मूकपटाचा १९३६ मध्ये बोलपट केला. म्हणजे बघा, सासर सोडलेल्या राणीने स्टुडिओ काढला, आणि घराला पारख्या झालेल्या नट्यांनी मराठी पडदा घडवला. दोघींनाही उंबरठ्याची किंमत मोजावी लागली.

त्या मूकपटांपैकी बहुतेक आज उरलेले नाहीत. नायट्रेटची फिल्म पटकन पेटते, नाहीतर कुजते. तेव्हा कोणाच्या जुन्या पेटीत कोल्हापूरकडचे फोटो, पत्रं असतील तर टाकू नका, मंडळाला दाखवा. "निघून गेल्या" याच्या पुढचं वाक्य आपल्यालाच लिहायचं आहे.