'बीच'चं स्पेलिंग चुकवणारा कुत्रा

मागच्या शनिवारी एक जुना कृष्णधवल व्हिडिओ बघत बसलो होतो. जेमतेम मिनिटाभराचा. टेबलाशी एक माणूस, शेजारी एक कुत्रा. माणूस कुत्र्याने लिहिलेला (!) पेपर तपासून चुका समजावतोय. 'पार्क' बरोबर आहे, पण 'बीच' चुकलं. समुद्रकिनारा म्हणायचा तर मधे 'ए' हवा. कुत्रा मान तिरकी करून ऐकतोय... थेट ओशाळलेल्या शाळकरी पोरासारखा. हसून पुरेवाट झाली आणि मग डोक्यात किडा शिरला: यातला अर्धा अभिनय कोणाचा?

माणूस म्हणजे विल्यम वेगमन. जन्म 1943, मॅसॅच्युसेट्सचा, शिक्षण चित्रकलेचं. 1970 साली कॅलिफोर्नियात लाँग बीचला शिकवत असताना त्याने वायमरानर जातीचं एक पिल्लू घरी आणलं आणि प्रसिद्ध कलावंताच्या नावावरून त्याचं नाव ठेवलं मॅन रे. वरचा व्हिडिओ म्हणजे 'स्पेलिंग लेसन', 1973-74 चा.

तेव्हा खांद्यावर घेता येणारी व्हिडिओ यंत्रं नुकतीच आली होती. फिल्मसारखं लॅबमध्ये पाठवायला नको, टेप तिथल्या तिथे बघता यायची. संकलन मात्र कटकटीचं. त्यामुळे कॅमेरा एका जागी ठेवायचा आणि काय होतं ते एका दमात टिपायचं. कुत्र्याला याहून सोयीचं काय असणार? रिटेक त्यालाही कळत नाहीत.

'मिल्क/फ्लोर' या व्हिडिओत वेगमन रांगत मागे सरकतो आणि तोंडातलं दूध जमिनीवर सोडत एक रेघ काढतो. मग मॅन रे येतो आणि ती रेघ चाटत चाटत पुसून टाकतो. चित्र काढणारा एक, खोडणारा दुसरा. दुसऱ्या एका व्हिडिओत दोन कुत्री एकाच लयीत माना फिरवतात, जणू महिनाभर तालीम केली आहे. प्रत्यक्षात चौकटीबाहेर वेगमनच्या हातात चेंडू असतो. एवढंच!

म्हणजे कुत्र्याने नाटक केलेलंच नाही. वायमरानर ही मुळात शिकारी जात, टक लावून बघणं त्यांच्या रक्तात. वेगमनने ते लक्ष तेवढं टिपलं, गोष्ट रचली आपण. आमच्या धंद्यात प्रोग्राम काही भलतंच करतो तेव्हा आपण सर्रास म्हणतो, "त्याला असं वाटलं." तिथे वाटणारं कोणी नसतं. इथे मात्र चेंडूकडे खरोखरच कोणीतरी बघत असतं. फरक आहे, आणि मोठा आहे.

त्याच काळात, मे 1974 मध्ये, जर्मन कलावंत योझेफ बॉइस न्यूयॉर्कच्या एका गॅलरीत काही दिवस कोयोटबरोबर राहिला. गाजलेला प्रयोग. पण तिथे कोयोट म्हणजे अमेरिकेचं प्रतीक. मॅन रे कशाचंच प्रतीक नव्हता. तो घरचा होता, आणि घरच्या कुत्र्याला मालकाबरोबर 'काम' असलं की आवडतं.

हे चित्र अगदीच गोड नाही, मान्य. 1979 पासून वेगमन 20 बाय 24 इंचाची छायाचित्रं काढणाऱ्या अवाढव्य पोलरॉइड कॅमेऱ्यावर काम करू लागला. त्यात नाकावर मोजा चढवून हत्ती केलेला मॅन रे दिसतो. छायाचित्र देखणं आहे, पण तिथे तो मला जोडीदार कमी आणि मॉडेल जास्त वाटतो. दूध चाटण्यात त्याला दूध मिळत होतं. मोज्यात त्याचं काय?

मॅन रे 1982 मध्ये गेला. 'व्हिलेज व्हॉइस' या न्यूयॉर्कच्या साप्ताहिकाने त्याला वर्षातला सर्वोत्तम 'माणूस' ठरवलं. विनोद होताच, पण श्रेय चुकीच्या ठिकाणी गेलं असं वाटत नाही. वेगमनकडे पुढची कुत्री, फे रे, आली ती थेट 1986 मध्ये.

असो. पुढच्या वेळी तुमचं कुत्रं मान तिरकी करेल तेव्हा लगेच मोबाईल काढू नका. आधी ते कशाकडे बघतंय ते बघा. सहकलाकार म्हणायचं तर निदान एवढं तरी करायला हवं.