इंद्रायणीचं पाणी



आमच्या वाडवडिलांची दिंडी आळंदीत उतरली की इंद्रायणीत आंघोळ आणि तिच्याच पाण्यावर स्वयंपाक व्हायचा. लोणावळ्याच्या डोंगरात उगम पावून ही नदी देहूवरून आळंदीला येते, तुळापूरला भीमेला मिळते. तीच भीमा पंढरीत चंद्रभागा. आळंदीत जे सोडाल ते विठ्ठलाच्या दारी जातं.

१९६० नंतर पिंपरी-चिंचवडला कारखाने वाढले. आमची पोरंही तिथं लागली, घरात चार पैसे आले, ते नाकारून कसं चालेल? पण नाल्यांतून रसायन आणि शहराचं मैलापाणी नदीत आलं. जलपर्णी माजली. अलीकडं तर पाण्यावर पांढरा फेस येतो, पिंजलेल्या कापसासारखा.

दिंडीतल्या एका म्हातारीनं त्यातच ओंजळ भरली. आमच्या गळ्यात वीणा होती, तरी तिचा हात धरला. माउलींच्या दारात तीर्थ घेऊ नको म्हणायची पाळी आली. ती रडली.

२०२५ च्या फेब्रुवारीत महापालिकेनं चिखली-कुदळवाडीतली भंगाराची गोदामं पाडली. पण प्रत्येक नाला शुद्धीकरण केंद्राकडं वळल्याबिगर पाणी निवळायचं नाही. आता स्वयंपाकाला टँकर असतो. साबण, निर्माल्य नदीत टाकायचं नाही असं आम्हीही ठरवलंय. दोघं-तिघं अजून ऐकत नाहीत.