ध्रुवीकरण : पदार्थातील आणि वस्तीतील

निवडणुकांचे दिवस आले की 'मतांचे ध्रुवीकरण' हा शब्दप्रयोग वृत्तपत्रांच्या पानोपानी दिसू लागतो. हाच शब्द भौतिकशास्त्राच्या पुस्तकात प्रकाशाच्या प्रकरणात भेटतो आणि विद्युतशास्त्राच्या प्रकरणात थोड्या वेगळ्या अर्थाने पुन्हा येतो. अर्थशास्त्रज्ञ प्रदेशांचे, समाजशास्त्रज्ञ वस्त्यांचे ध्रुवीकरण अभ्यासतात. शब्द एक असला तरी अर्थ एक नाही. त्यांची सरमिसळ झाली की एखाद्या शहरात नेमके काय घडते आहे, हे सांगणे अवघड होते. मुंबईच्या उत्तर सीमेला लागून असलेले मीरा-भाईंदर हे शहर हे सारे अर्थ तपासून पाहण्यास योग्य आहे.

शब्दाची जन्मकथा

'ध्रुव' या संस्कृत शब्दाचा अर्थ स्थिर, अढळ. पुराणातील ध्रुवबाळाला पित्याच्या मांडीवरून उठवले गेले आणि जेथून कोणी हलवू शकणार नाही असे स्थान त्याने तपश्चर्येने मिळवले. भूगोलात ध्रुव म्हणजे पृथ्वीच्या आसाची दोन टोके. चुंबकाची दोन टोकेही ध्रुवच. पाश्चात्त्य भाषांतील 'पोल' हा शब्द 'आस' या अर्थाच्या ग्रीक शब्दापासून आला.

भौतिकशास्त्रात हा शब्द आला तो एका चुकीच्या कल्पनेतून. १८०८ साली एतिएन लुई मालू हा फ्रेंच अभियंता पॅरिसमध्ये कॅल्साइटचा स्फटिक डोळ्यांसमोर धरून लक्झेंबर्ग राजवाड्याच्या खिडक्यांवरून परावर्तित झालेला सूर्यप्रकाश पाहात होता. या स्फटिकातून एका वस्तूच्या दोन प्रतिमा दिसतात, हे रास्मुस बार्थोलिन याने १६६९ मध्येच नोंदवले होते. मालूला मात्र असे आढळले की, स्फटिक फिरवला की परावर्तित प्रकाशाची एक प्रतिमा तेजस्वी होते आणि दुसरी मंदावते. प्रकाश सूक्ष्म कणांचा बनलेला असून चुंबकाप्रमाणे त्या कणांना ध्रुव असतात व परावर्तनात ते एका दिशेला वळतात, असे त्याने मानले. पुढे फ्रेनेल याने प्रकाशलहरी अवतरंग असल्याचे, म्हणजे त्यांचे कंपन प्रवासाच्या दिशेशी काटकोनात होत असल्याचे दाखवून दिले. ध्रुवांची कल्पना मागे पडली; शब्द मात्र टिकला.

प्रकाशाचे ध्रुवण

सूर्याच्या वा दिव्याच्या साध्या प्रकाशात कंपने प्रवासदिशेला काटकोन करणाऱ्या सर्व दिशांना होत असतात. पोलरॉइडसारख्या चकतीतून तो गेला की एकाच दिशेचे कंपन पुढे जाते आणि आदर्श चकतीतून निम्मी तीव्रता उरते. यालाच मराठीत 'ध्रुवण' म्हणतात. उत्तनच्या किनाऱ्यावर दुपारी समुद्राकडे पाहताना डोळे दिपतात. ध्रुवित काचांचा चष्मा लावला की ती चकाकी कमी होते. पाण्यावरून परावर्तित होणारा प्रकाश बऱ्याच अंशी आडव्या दिशेत ध्रुवित असतो आणि चष्मा नेमका तोच अडवतो. आकाशाचा निळा प्रकाशही अंशतः ध्रुवित असतो. मधमाश्या त्यावरून दिशा ओळखतात, हे कार्ल फॉन फ्रिश यांनी सिद्ध केले.

डोळ्यांना न दिसणाऱ्या विद्युतचुंबकीय लहरींवर कोलकात्यात जगदीशचंद्र बसू यांनी १८९५च्या सुमारास असेच प्रयोग केले. लहरींच्या ध्रुवणासाठी त्यांनी तागाचे पीळ दिलेले धागे वापरले, तसेच पानापानांत धातूचा वर्ख घातलेले रेल्वेचे वेळापत्रकही वापरले.

येथे एक गोष्ट ध्यानात ठेवावयास हवी. प्रकाशाच्या ध्रुवणात काहीही एका जागेवरून दुसऱ्या जागी जात नाही. बदलते ती दिशांची विविधता. अनेक दिशांतून एकच दिशा उरते आणि ती कोणती, हे चकती कशी धरली यावर ठरते.

विद्युत ध्रुवीकरण

'ध्रुवीकरण' या संज्ञेचा दुसरा अर्थ जागेशी निगडित आहे. काच, अभ्रक, पाणी यांसारख्या पदार्थांवर विद्युत क्षेत्र लावले की त्यांच्या रेणूंतील धन व ऋण प्रभारांची केंद्रे विरुद्ध बाजूंना किंचित सरकतात, किंवा रेणू आधीच द्विध्रुवी असतील तर ते क्षेत्राच्या दिशेने कलतात. कोणताही प्रभार पदार्थाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत प्रवास करीत नाही. ध्रुवीकरण सर्वत्र सारखे असेल तर पदार्थाच्या अंतर्भागात शेजारशेजारचे विरुद्ध प्रभार एकमेकांना निष्प्रभ करतात. परिणाम दिसतो तो फक्त सीमेवर. एका पृष्ठभागावर धन प्रभार प्रकट होतो, समोरच्या पृष्ठभागावर ऋण.

क्षेत्र काढून घेतले की बहुतेक पदार्थ पूर्ववत होतात. काही पदार्थ मात्र तसे होत नाहीत. रोशेल क्षारात हा गुणधर्म जोसेफ व्हॅलासेक यांना १९२०-२१ च्या सुमारास आढळला. अशा पदार्थात बाहेरचे कारण नाहीसे झाले तरी ध्रुवीकरण शिल्लक राहते आणि ते घालवण्यासाठी उलट दिशेचे क्षेत्र लावावे लागते. पदार्थाला जणू भूतकाळाची स्मृती असते.

मीठ याहून निराळे. भाईंदर परिसरात मिठागरे पूर्वापार आहेत. 'आगर' या शब्दाशीच आगरी समाजाचे नाव जोडले जाते. मिठाच्या स्फटिकात प्रत्येक सोडियम आयनाभोवती सहा क्लोराइड आयन असतात आणि प्रत्येक क्लोराइडभोवती सहा सोडियम. प्रभार विरुद्ध आहेत, जागाही ठरलेल्या आहेत. तरी स्फटिक ध्रुवित नाही, कारण प्रत्येकाचा शेजारी विरुद्ध प्रभाराचा आहे. भिन्नता म्हणजे ध्रुवीकरण नव्हे, हे मिठाच्या एका खड्यावरूनही कळते.

प्रदेशांचे आणि गटांचे ध्रुवीकरण

समाजशास्त्रांतही या संज्ञेला एकाहून अधिक अर्थ आहेत. फ्रेंच अर्थतज्ज्ञ फ्रांस्वा पेरू यांनी १९५० च्या दशकात 'विकासध्रुवा'ची कल्पना मांडली. वाढ सर्वत्र एकदम होत नाही. ती काही केंद्रांत सुरू होते. अल्बर्ट हर्शमन यांनी १९५८ मध्ये दाखवले की, असे केंद्र भोवतालच्या प्रदेशातील भांडवल व कुशल माणसे ओढून घेते. महाराष्ट्रातील प्रादेशिक असमतोलाचा, 'अनुशेषा'चा वाद हा याच प्रकारातला. वि. म. दांडेकर यांच्या अध्यक्षतेखालील सत्यशोधन समिती १९८३ मध्ये नेमली गेली, तिचा अहवाल १९८४ मध्ये आला आणि १९९४ मध्ये विदर्भ, मराठवाडा व उर्वरित महाराष्ट्र यांसाठी विकास मंडळे अस्तित्वात आली.

विषमता आणि ध्रुवीकरण यांतील भेद जोन एस्तेबान व देवराज रे या अर्थशास्त्रज्ञांनी १९९४ मध्ये स्पष्ट केला. माणसे गटात स्वतःला किती एकरूप मानतात आणि दुसऱ्या गटापासून किती दुरावलेली असतात, या दोहोंवर ध्रुवीकरण अवलंबून असते. म्हणून विषमता घटत असतानाही ध्रुवीकरण वाढू शकते. समाज दोन घट्ट गोटांत गोळा झाला की ते तीव्र होते.

वस्त्यांचे विलगीकरण मोजण्यासाठी १९५५ पासून 'भिन्नता निर्देशांक' वापरला जातो. समजा, एका गावात दोन प्रभाग आहेत आणि दोन गटांची प्रत्येकी १०० माणसे आहेत. पहिल्या गटातील ८० जण पूर्वेस व २० पश्चिमेस राहतात. दुसऱ्या गटाचे नेमके उलट आहे. अशा वेळी निर्देशांक ०.६ येतो. याचा अर्थ, दोन्ही प्रभागांत सारखी सरमिसळ व्हावयाची तर एका गटातील ६० टक्के लोकांना घर बदलावे लागेल.

मात्र असे विलगीकरण घडण्यास तीव्र द्वेषच लागतो असे नाही. टॉमस शेलिंग यांनी १९७१ च्या प्रसिद्ध निबंधात दोन प्रकारच्या सोंगट्या पटावर मांडून हे दाखवले. शेजाऱ्यांपैकी निदान काही आपल्यासारखे असावेत एवढीच प्रत्येकाची अपेक्षा ठेवली, तरी थोड्याच चालींत पट स्वतंत्र गटांत विभागला जातो. कोणालाही संपूर्ण विलगीकरण नको असताना ते घडते. शेलिंग यांना २००५ मध्ये अर्थशास्त्राचे नोबेल मिळाले. शेजारच्या कणांच्या प्रभावाने चुंबकात प्रदेश तयार होतात. भौतिकशास्त्रज्ञांनी पुढे या दोन प्रतिकृतींमधील साम्य तपशिलाने अभ्यासले.

मीरा-भाईंदरचे चित्र

मीरा-भाईंदर नगरपालिका १९८५ मध्ये ग्रामपंचायती एकत्र करून स्थापन झाली आणि २८ फेब्रुवारी २००२ रोजी महानगरपालिका झाली. १९९१ मध्ये सुमारे पावणेदोन लाख असलेली लोकसंख्या २००१ मध्ये ५ लाख २० हजारांवर आणि २०११ मध्ये ८ लाख ९ हजारांवर गेली. मुंबईतील घरे परवडेनाशी झालेली कुटुंबे लोकलच्या मार्गाने उत्तरेकडे सरकली. भातशेती आणि मिठागरांच्या सखल जमिनीवर इमारती उभ्या राहिल्या.

ही वाढ होताना वस्त्यांना आपापले रंग आले. उत्तन-पाली भागात कोळी व ख्रिस्ती मच्छीमारांची जुनी गावे आहेत; राई, मुर्धे, नवघर ही आगरी वस्तीची गावे. भाईंदर पश्चिमेत गुजराती व राजस्थानी, त्यांत जैन कुटुंबे मोठ्या संख्येने आहेत. मीरा रोडचे नयानगर मुस्लिमबहुल आहे. १९९२-९३ च्या मुंबईतील दंगलींत, श्रीकृष्ण आयोगाच्या अहवालानुसार, ९०० माणसे मरण पावली. त्यानंतर सुरक्षिततेच्या शोधात अनेक मुस्लिम कुटुंबांनी मुंब्रा आणि मीरा रोड गाठले. दंगल शमली, गेलेल्यांपैकी बहुतेक परतले नाहीत. रोशेल क्षाराची आठवण येथे होते. कारण नाहीसे झाले तरी परिणाम जागेत गोठून राहिला.

सारेच विलगीकरण भीतीतून आले असे मात्र नाही. भाषा, देवळे व मशिदी, शाळा, खाद्यपदार्थांची दुकाने, नातलगांची जवळीक यांमुळेही माणसे एकत्र राहतात. घराची किंमत आणि गृहनिर्माण संस्थेचे सभासद कोणाला घर द्यावयास तयार आहेत, हेही ठरवणारे घटक असतात. अहमदाबादच्या एका पारशी गृहनिर्माण संस्थेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये सभासदत्व एका समाजापुरते ठेवणारा पोटनियम ग्राह्य धरला. शेलिंगच्या पटावरील सोंगट्यांना स्वतःची चाल असते. शहरात अनेकांना ती नसते.

गेल्या काही वर्षांत येथे तीन वेगवेगळ्या रेषांवर ताण प्रकट झाला. सप्टेंबर २०१५ मध्ये पर्युषणकाळात महापालिकेने ८ दिवस मांसविक्रीवर बंदी घातली, तेव्हा रेषा आहाराची होती. अयोध्येतील प्राणप्रतिष्ठेच्या आदल्या रात्री, २१ जानेवारी २०२४ रोजी नयानगर परिसरात हिंसाचार झाला व पाठोपाठ बांधकामे पाडण्यात आली, तेव्हा रेषा धर्माची होती. मराठी बोलण्यावरून एका दुकानदाराला मारहाण झाल्यानंतर जुलै २०२५ मध्ये आधी व्यापाऱ्यांनी आणि नंतर मराठी भाषकांनी मोर्चे काढले, तेव्हा रेषा भाषेची होती.

या तीन प्रसंगांतील गट तेच नव्हते. मासे विकणारी ख्रिस्ती कोळीण आहाराच्या वादात एका बाजूला, धर्माच्या वादात कदाचित कोणत्याच बाजूला नाही, तर भाषेच्या वादात मराठी भाषकांमध्ये मोडते. २०२४ मध्ये एका बाजूला मोजली गेलेली माणसे २०२५ मध्ये समोरासमोर आली. येथे प्रकाशाचा दृष्टांत अधिक जुळतो. साध्या प्रकाशात सर्व दिशा असतात. कोणती दिसेल हे चकतीवर अवलंबून असते. माणसाला एकच ओळख नसते, हे अमर्त्य सेन यांनी २००६ मधील आपल्या पुस्तकात विस्ताराने मांडले आहे. मतांचे ध्रुवीकरण प्रकाशासारखे आहे. चकती फिरली की ते बदलू शकते. वस्तीचे ध्रुवीकरण त्या स्मृतिवान क्षारासारखे आहे. ते लवकर बदलत नाही. धोका वाढतो तो या दोन्हींची दिशा एक झाली म्हणजे.

दृष्टांताच्या मर्यादा

रेणूला भाडे भरावे लागत नाही, बदनामीची भीती वाटत नाही आणि त्याला निर्णयही घेता येत नाही. बाहेरचे क्षेत्र रेणूवर समान नियमाने कार्य करते. समाजात ते 'क्षेत्र' माणसेच निर्माण करतात व त्याची जबाबदारीही माणसांचीच असते. म्हणून भौतिक नियमाचा हवाला देऊन वस्त्यांची फाळणी अटळ ठरवता येत नाही.

मोजमापाचाही प्रश्न आहे. जनगणनेत धर्माची आकडेवारी शहरापर्यंतच प्रसिद्ध होते, प्रभागनिहाय नाही; २०२१ ची जनगणना ठरल्या वेळी झालीही नाही. त्यामुळे कोणता भाग किती विलग आहे, याविषयीची विधाने बहुधा ऐकीव असतात आणि ऐकीव समजुतींवरच घरांचे व्यवहार ठरतात.

पोलरॉइडच्या दोन चकत्या एकमेकींशी काटकोनात धरल्या तर प्रकाश पूर्ण अडतो. त्या दोहोंच्या मध्ये ४५ अंशांवर तिसरी चकती सरकवली तर मूळ तीव्रतेच्या एक अष्टमांश प्रकाश पलीकडे पोचतो. अडथळा वाढवूनही वाट मोकळी होते, हे प्रथम पाहणाऱ्याला खोटे वाटते. शहरात अशी मधली जागा म्हणजे महापालिकेची शाळा, मासळीबाजार, सरकारी रुग्णालय आणि सकाळी चर्चगेटकडे निघणारी लोकल. भाईंदरचे पूर्व व पश्चिम असे दोन भाग रेल्वेच्या रुळांनी केले. त्या दोन्ही भागांतील माणसांना रोज एकाच बाकावर बसवतात तेही तेच रूळ. अशा जागा किती राखल्या जातात, यावर शहराचे पुढील ध्रुवीकरण पुष्कळ अंशी अवलंबून राहील.