‘अ व्हिलेज कॉल्ड व्हर्साय’ : पुरानंतर उभ्या राहिलेल्या धर्मग्रामाचा माहितीपट

आपत्तीवरील माहितीपट म्हटला की पाण्यात बुडालेली घरे आणि मदतीसाठी पसरलेले हात डोळ्यांपुढे येतात. पाणी ओसरले की बहुधा कॅमेरेही परततात. एस. लिओ चियांग ह्यांचा ‘अ व्हिलेज कॉल्ड व्हर्साय’ (२००९) हा माहितीपट मात्र त्यानंतरची हकीकत सांगतो. ती एका कॅथलिक धर्मग्रामाची असल्याने आम्ही तिची येथे नोंद करीत आहोत.

वस्तीचा पूर्वेतिहास

अमेरिकेतील न्यू ऑर्लिन्सच्या पूर्व टोकाच्या ह्या वस्तीला ‘व्हर्साय’ हे नाव तेथील एका गृहसंकुलावरून पडले. १९५४ मध्ये व्हिएतनामची फाळणी झाली, तेव्हा उत्तरेतील असंख्य कॅथलिक कुटुंबे दक्षिणेत आली. १९७५ मध्ये सायगावचा पाडाव झाल्यावर त्यांतील अनेकांना देशही सोडावा लागला. न्यू ऑर्लिन्सचे तत्कालीन आर्चबिशप फिलिप हॅनन ह्यांनी निर्वासितांना आपल्या शहरात आसरा मिळवून दिला. पुढे तेथे ‘मेरी क्वीन ऑफ व्हिएतनाम’ हा धर्मग्राम स्थापन झाला.

परतीची वाट

२९ ऑगस्ट २००५ रोजी कतरिना चक्रीवादळ आले. पूरबांध फुटून शहराचा सुमारे ८० टक्के भाग पाण्याखाली गेला आणि अनेक वृद्धांच्या नशिबी तिसरे विस्थापन आले. धर्मगुरू फादर विएन न्गुयेन ह्यांनी दूरदूर विखुरलेल्या भाविकांशी संपर्क साधला. ऑक्टोबरमध्ये चर्चमध्ये पुन्हा मिस्सा सुरू झाली. वीज जोडण्यापूर्वी वीज कंपनीला ग्राहक परतल्याचा पुरावा हवा होता. फादरांनी परतलेल्यांची यादीच सादर केली. जानेवारी २००६ पर्यंत निम्म्याहून अधिक वस्ती पुन्हा उभी राहिली होती.

कचराभूमीविरुद्धचा लढा

फेब्रुवारी २००६ मध्ये महापौर रे नेगिन ह्यांनी आपत्कालीन अधिकार वापरून पुराचा ढिगारा टाकण्यास जागा खुली केली. ती वस्तीपासून दोन मैलांच्या आत होती. एरवी सरकारदरबारी गप्प राहणारे वृद्ध आणि अमेरिकेत वाढलेली त्यांची मुले-नातवंडे प्रथमच खांद्याला खांदा लावून निदर्शनांत उतरली. ऑगस्ट २००६ मध्ये कचराभूमी बंद झाली. आधी टाकलेला ढिगारा मात्र तेथेच राहिला.

माहितीपटाचे मोल

घरे बांधून झाली म्हणजे पुनर्वसन संपले, असे नाही. आपल्या भूमीविषयीचे निर्णय होताना पीडितांचा शब्द मोजला जातो का, हा खरा प्रश्न आहे. चियांग ह्यांनी ह्या लोकांना दयेचे विषय न मानता बोलणारे आणि निर्णय घेणारे नागरिक म्हणून दाखविले. आपत्तीवरील कोणताही माहितीपट पाहताना वाचकांनी हीच कसोटी लावावी, असे आम्हांस वाटते: पीडितांचे केवळ अश्रू दिसले, की त्यांचे म्हणणेही ऐकू आले?