माऊ माऊ चळवळ

केन्यातील ब्रिटिश वसाहती राजवटीविरुद्ध मुख्यत्वे किकूयू जमातीने केलेला सशस्त्र उठाव (१९५२–६०). एंबू व मेरू या शेजारच्या जमातींचाही त्यात सहभाग होता. उठावातील सैनिक स्वतःच्या संघटनेस ‘भूमी व स्वातंत्र्य सेना’ म्हणवीत. ‘माऊ माऊ’ हे नाव शासनाने व वृत्तपत्रांनी रूढ केले. त्याच्या व्युत्पत्तीविषयी अभ्यासकांत एकमत नाही. आफ्रिकेतील राष्ट्रवादी आंदोलनांत या चळवळीचे स्थान वेगळे आहे, कारण तिचे मूळ घटनात्मक हक्कांपेक्षा जमिनीच्या प्रश्नात अधिक होते.

पार्श्वभूमी : १८९५ मध्ये ब्रिटनने पूर्व आफ्रिकेच्या या प्रदेशावर आपले संरक्षित राज्य स्थापन केले. मोंबासापासून व्हिक्टोरिया सरोवरापर्यंतचा लोहमार्ग (१८९६–१९०१) बांधण्यासाठी हिंदुस्थानातून सु. ३२,००० मजूर नेण्यात आले. लोहमार्गाचा खर्च भरून निघावा, म्हणून गोऱ्या वसाहतवाल्यांना थंड हवेच्या व सुपीक अशा मध्यवर्ती पठारावर जमिनी देण्यात आल्या. १९०२ व १९१५ च्या कायद्यांनी या जमिनी सरकारी मालकीच्या ठरविल्या आणि १९१५ च्या कायद्याने त्या ९९९ वर्षांच्या पट्ट्याने देण्याची तरतूद केली. ‘श्वेत पठार’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या प्रदेशात आफ्रिकी व आशियाई लोकांना जमीन धारण करता येत नसे. किकूयूंना राखीव प्रदेशात कोंडण्यात आले. तेथे लोकसंख्या वाढत गेली, पण जमीन मात्र वाढली नाही. झोपडीपट्टी व डोईपट्टी रोख भरावी लागत असल्याने पुरुषांना गोऱ्यांच्या मळ्यांवर मजुरीस जाणे भाग पडे. प्रौढ आफ्रिकी पुरुषाने ‘किपांडे’ हे ओळखपत्र सतत जवळ बाळगावे, अशी सक्ती पहिल्या महायुद्धानंतर अंमलात आली.

या अन्यायाविरुद्ध प्रथम सनदशीर मार्गाने आवाज उठविण्यात आला. हॅरी थुकू याने १९२१ मध्ये संघटना उभारली. मार्च १९२२ मध्ये त्याला अटक होताच नैरोबीत जमलेल्या जमावावर पोलिसांनी गोळीबार केला. त्यात अनेक लोक मरण पावले. पुढे किकूयू मध्यवर्ती संघाचा चिटणीस म्हणून जोमो केन्याटा जमिनीचे गाऱ्हाणे घेऊन १९२९ मध्ये लंडनला गेला. १९४० मध्ये या संघावर बंदी आली. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिशांच्या बाजूने लढून परतलेल्या आफ्रिकी सैनिकांना मायदेशी जमीन वा सन्मान मिळाला नाही. गोऱ्यांच्या मळ्यांवर श्रमाच्या बदल्यात थोडी जमीन कसणाऱ्या कुळांवरही त्याच सुमारास गुरे कमी करण्याची व अधिक दिवस राबण्याची सक्ती झाली. नकार देणाऱ्यांना मळ्यांतून हाकलण्यात आले.

उठाव व दडपशाही : १९४६ मध्ये केन्याटा मायदेशी परतला व पुढील वर्षी केन्या आफ्रिकी संघाचा अध्यक्ष झाला. त्याचा भर अर्ज-विनंत्यांवर व सभांवर होता. तरुण कार्यकर्त्यांना मात्र हा मार्ग निष्फळ वाटू लागला. किकूयू परंपरेतील शपथविधीला नवे रूप देऊन त्यांनी गुप्तपणे हजारो लोकांना एकनिष्ठेची शपथ दिली. ७ ऑक्टोबर १९५२ रोजी वरिष्ठ ब्रिटिशनिष्ठ प्रमुख वारुहियू याचा खून झाला आणि २० ऑक्टोबर रोजी गव्हर्नर एव्हलिन बेअरिंग याने आणीबाणी पुकारली. केन्याटा व त्याच्या पाच सहकाऱ्यांवर कापेनगुरिया या दूरच्या ठिकाणी खटला चालविण्यात आला. केन्याटाने चळवळीचा जाहीर निषेध केला होता. तरीही तिचा सूत्रधार ठरवून त्याला एप्रिल १९५३ मध्ये सात वर्षांच्या सक्तमजुरीची शिक्षा देण्यात आली. या अटकांमुळे सनदशीर नेतृत्व बाजूला पडले व चळवळीची सूत्रे अॅबर्डेअर पर्वतराजीतील व केन्या पर्वताच्या अरण्यातील सेनानींकडे गेली. डेडन किमाथी हा त्यांपैकी प्रमुख होय. स्त्रिया या सैनिकांना अन्न, निरोप व शस्त्रे पोहोचवीत.

हा संघर्ष केवळ गोरे व काळे यांच्यातील नव्हता. जमीन, पद वा धर्म यांमुळे शासनाशी बांधल्या गेलेल्या किकूयूंना राजनिष्ठ रक्षकदलात घेण्यात आले. त्यामुळे अनेक गावांत भाऊबंदकीचे स्वरूप आले. मार्च १९५३ मध्ये लारी येथे बंडखोरांनी राजनिष्ठांच्या कुटुंबांची हत्या केली. मृतांत बहुसंख्य स्त्रिया व मुले होती. त्यानंतर रक्षकदलाने व पोलिसांनी तितक्याच निर्घृणपणे सूड उगविला. एप्रिल १९५४ मध्ये नैरोबीची नाकेबंदी करून हजारो किकूयूंना छावण्यांत धाडण्यात आले. दहा लाखांहून अधिक ग्रामीण लोकांना काटेरी तारांच्या कुंपणाआडच्या नव्या वसाहतींत हलवून अरण्यातील सैनिकांची रसद तोडण्यात आली. संपूर्ण आणीबाणीच्या काळात एक हजाराहून अधिक बंडखोरांना फाशी देण्यात आले. अधिकृत आकड्यांनुसार ११,००० हून अधिक बंडखोर मारले गेले, तर मारले गेलेले गोरे वसाहतवाले ३२ होते. ऑक्टोबर १९५६ मध्ये किमाथी पकडला गेला व १८ फेब्रुवारी १९५७ रोजी त्याला फाशी झाली.

भारतीयांचा संबंध : केन्यातील भारतीय व्यापारी वर्ग सामान्यतः या संघर्षापासून अलिप्त राहिला, काही व्यक्ती मात्र याला अपवाद होत्या. औंध संस्थानच्या राजघराण्यातील अप्पासाहेब पंत हे नैरोबी येथे भारताचे आयुक्त (१९४८–५४) होते. आफ्रिकी नेत्यांशी त्यांचा निकट संबंध असल्याने ब्रिटिश शासनाची त्यांच्यावर खप्पा मर्जी झाली. केन्याटाच्या बचावासाठी भारतातून दिवाण चमनलाल गेले होते. मूळच्या गोव्याच्या कुटुंबातील पिओ गामा पिंटो यांनी गोवामुक्तीच्या कार्यातही भाग घेतला होता. माऊ माऊला साहाय्य केल्यावरून त्यांना १९५४ मध्ये स्थानबद्ध करण्यात आले.

परिणाम : लष्करी दृष्ट्या उठाव मोडला, पण त्यामुळे मूठभर गोऱ्यांचे वर्चस्व टिकविणे ब्रिटनला महाग पडू लागले. ३ मार्च १९५९ रोजी होला येथील छावणीत ११ स्थानबद्धांना मारहाणीत मृत्यू आला. या घटनेवरून ब्रिटिश संसदेत शासनावर कडक टीका झाली. जानेवारी १९६० मध्ये आणीबाणी उठली व लंडनमध्ये घटनात्मक वाटाघाटी सुरू झाल्या. ऑगस्ट १९६१ मध्ये केन्याटाची मुक्तता झाली आणि १२ डिसेंबर १९६३ रोजी केन्या स्वतंत्र झाला.

ज्या जमिनीसाठी उठाव झाला, तिचा प्रश्न मात्र वेगळ्या रीतीने सुटला. १९५४ पासून शासनाने राखीव प्रदेशात जमिनींचे एकत्रीकरण करून मालकीहक्क नोंदविण्यास आरंभ केला. त्या वेळी हजारो बंडखोर छावण्यांत अथवा अरण्यात होते. त्यांच्या गैरहजेरीत राजनिष्ठांना झुकते माप मिळाले. स्वातंत्र्याच्या सुमारास गोऱ्यांच्या जमिनी ब्रिटिश कर्जाच्या आधारे विकत घेऊन त्यांचे वाटप करण्यात आले, परंतु नव्या धारकांना तिची किंमत फेडावी लागे आणि भूमिहीन सैनिकांपाशी पैसा नव्हता. भूमिहीनांना जमीन विनामूल्य द्यावी, अशी मागणी कापेनगुरिया खटल्यातील एक आरोपी बिल्डाड काग्गिया याने लावून धरली. १९६४ मध्ये त्याला शासनातील पद सोडावे लागले. मागील वैर विसरावे, असे केन्याटाचे आवाहन राष्ट्रीय ऐक्यास उपकारक ठरले. पण त्याच विस्मरणात अरण्यातील सैनिकही गेले. माऊ माऊवरील वसाहतकालीन बंदी स्वतंत्र केन्यातही २००३ पर्यंत कायम होती.

२००७ मध्ये नैरोबीत किमाथीचा पुतळा उभारण्यात आला. वयोवृद्ध स्थानबद्धांनी ब्रिटिश न्यायालयात दाद मागितल्यानंतर ब्रिटनने दीर्घकाळ दडवून ठेवलेली वसाहतकालीन कागदपत्रे उजेडात आली. जून २०१३ मध्ये ब्रिटिश शासनाने छळाबद्दल खेद व्यक्त करून ५,००० हून अधिक दावेदारांना नुकसानभरपाई देण्याचे मान्य केले. छळाची भरपाई अशा रीतीने अर्धशतकानंतर झाली; गेलेल्या जमिनीचा प्रश्न या तडजोडीत नव्हता.