बिऱ्हाड हलले, पत्त्याचे काय?

संगणकावरचे खेळ आता फार मोठे झाले आहेत. काही खेळ तर एकटेच शंभर गिगाबाइटहून अधिक जागा व्यापतात. जुन्या हार्ड डिस्कवरून असा खेळ सुरू केला, की पडद्यावरची रेघ मुंगीच्या गतीने सरकते आणि मुले ताटकळतात. मग कोणीतरी सल्ला देते, "एसएसडी बसव आणि खेळ तिकडे हलव." हलवल्यावर बहुधा खेळ भराभर उघडतो. कधी मात्र उलटेच होते. सगळा फोल्डर नीट उचलून नेलेला असतो, एक फाइलही कमी नसते, तरी खेळ उघडत नाही.

माहिती तीच, संगणक तोच. बदलली फक्त जागा. मग एकदा वेग का वाढतो आणि एकदा खेळ का अडतो? हे दोन्ही प्रश्न संगणकाइतकेच जुने आहेत. त्यांच्या इतिहासातील काही टप्पे आम्ही येथे घेतले आहेत. त्यांपैकी पहिला मुंबईतला आहे.

एका खोलीचा संसार

मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत आर. नरसिंहन यांच्या नेतृत्वाखाली एका गटाने भारतातच एक संगणक बांधला. १९६० साली तो कामाला लागला आणि १९६२ साली पंडित नेहरूंनी त्याचे 'टिफ्रॅक' असे नामकरण केले. त्याची स्मृती फेराइटच्या बारीक कड्यांची होती. कडी एका दिशेने चुंबकित झाली की एक, उलट दिशेने झाली की शून्य. अशा स्मृतीत २०४८ शब्द मावत आणि प्रत्येक शब्द ४० बिटांचा असे. गुणाकार केला तर ८१,९२० बिट होतात, म्हणजे १० किलोबाइट. आज मोबाइलवर काढलेला एक फोटो याच्या शेकडो पट जागा घेतो.

गणित सोडवायचे, तर सूचना आणि आकडे छिद्रे पाडलेल्या कागदी पट्टीवरून या स्मृतीत उतरवावे लागत. पट्टीवर हवे तेवढे लिहिता येई, पण ती वाचायला वेळ लागे. कड्यांतून वाचणे झटपट होई, पण कड्या थोड्या आणि महाग. जे स्वस्त ते संथ, जे वेगवान ते तोकडे, ही अडचण तेव्हापासून आजपर्यंत सुटलेली नाही. म्हणून प्रत्येक पिढीच्या संगणकाने एकच युक्ती वापरली: लागणारी माहिती जवळच्या वेगवान जागी आणायची, बाकीची लांब ठेवायची. हार्ड डिस्कवरचा खेळ एसएसडीवर हलवणे हा याच युक्तीचा घरगुती प्रकार आहे.

सामान कोण हलवणार?

त्या काळी ही हलवाहलव कार्यक्रम लिहिणाऱ्यालाच करावी लागे. कोणता भाग आता स्मृतीत आणायचा, तो कितव्या घरात ठेवायचा, हे सारे त्याने ठरवायचे. त्यात मोठी पंचाईत होती. कार्यक्रमात 'घर क्रमांक ३०० मधील संख्या घे' असे लिहिलेले असेल आणि ती संख्या ७०० व्या घरात हलवली, तर कार्यक्रम ३०० व्या घरात जे सापडेल ते उचलणार. उत्तर चुकणार, पण चूक कोठे झाली ते कळणार नाही.

यावरचा सुंदर तोडगा इंग्लंडमधील मँचेस्टर विद्यापीठात टॉम किलबर्न यांच्या गटाने काढला. १९६२ साली सुरू झालेल्या त्यांच्या 'ॲटलस' संगणकात कड्यांच्या स्मृतीत १६,३८४ शब्द मावत. संथ फिरणाऱ्या चुंबकी ड्रमांवर त्याच्या सहापट. माहितीची ५१२ शब्दांची एकेक 'पाने' केलेली होती. गरज पडेल तसे पान ड्रमावरून कड्यांत आणण्याचे काम संगणक स्वतःच करी. कार्यक्रमात लिहिलेला क्रमांक हा खरा घर क्रमांक नसेच. कोणते पान सध्या कोठे आहे, याची नोंद यंत्र ठेवी आणि प्रत्येक वेळी त्यावरून खरी जागा शोधी.

म्हणजे नाव एक आणि ठिकाण दुसरे, अशी फोड झाली. नाव कायम ठेवायचे, ठिकाण बदलले की फक्त नोंद बदलायची. आजच्या प्रत्येक संगणकात आणि मोबाइलमध्ये हीच कल्पना वापरलेली असते.

कॅसेटवरचा खेळ, फ्लॉपीवरचा खेळ

वेगवान जागेमुळे खेळ नुसता लवकर उघडतो असे नाही, तो वेगळाच होऊ शकतो. याचे उदाहरण शिक्षकांना जवळचे वाटेल अशा यंत्रावरचे आहे. १९८४-८५ मध्ये केंद्र सरकारने 'क्लास' हा संगणक साक्षरतेचा प्रकल्प सुरू केला. पहिल्या टप्प्यात २५० शाळा होत्या आणि त्यांना 'बीबीसी मायक्रो' हे ब्रिटिश बनावटीचे संगणक देण्यात आले. त्या यंत्राची स्मृती ३२ किलोबाइट होती.

या यंत्राला साधा टेपरेकॉर्डर जोडता येई. गाण्याच्या कॅसेटवर कार्यक्रम आवाजाच्या रूपात साठवलेला असे आणि सेकंदाला सुमारे १२० अक्षरे या गतीने तो स्मृतीत येई. २४ हजार अक्षरांचा कार्यक्रम यायला २०० सेकंद, म्हणजे तीन मिनिटांहून जास्त वेळ लागे. शिवाय कॅसेटमध्ये मधलेच काही हवे असेल, तर फीत पुढेमागे गुंडाळावी लागे. फ्लॉपीच्या चकतीवर मात्र वाचणारे टोक थेट हव्या त्या वर्तुळावर नेता येई.

सप्टेंबर १९८४ मध्ये केंब्रिजमधील डेव्हिड ब्रेबेन आणि इयन बेल या दोन विद्यार्थ्यांनी लिहिलेला 'एलिट' हा अंतराळ-व्यापाराचा खेळ याच यंत्रासाठी निघाला. तो कॅसेटवर मिळे आणि फ्लॉपीवरही. कॅसेटवरचा खेळ एकदा स्मृतीत आला, की पुन्हा फितीकडे जाणे परवडत नसे; म्हणून सगळा खेळ एकाच वेळी स्मृतीत मावायला हवा होता. फ्लॉपीवरच्या खेळात तळावर असतानाचा भाग वेगळा आणि उड्डाणाचा भाग वेगळा करता आला. यान तळावर उतरले की एक भाग जाई, दुसरा येई. त्यामुळे तेवढ्याच स्मृतीत यानांचे अधिक प्रकार आणि खास मोहिमा बसल्या. यंत्र तेच होते. साठवणीची जागा वेगवान झाल्यामुळे खेळच मोठा झाला.

फिरती चकती आणि न फिरणारी

पहिली व्यापारी हार्ड डिस्क आयबीएम कंपनीने १९५६ साली आणली. तिच्यात ५० मोठ्या चकत्या होत्या, त्यांवर ५० लाख अक्षरे मावत आणि हवी ती नोंद गाठायला सरासरी ०.६ सेकंद लागे. पुढच्या अर्ध्या शतकात डिस्कची क्षमता लाखपट वाढली. नोंद गाठण्याचा वेग मात्र पन्नासपटच. याचे कारण साधे आहे. हार्ड डिस्कमध्ये खरोखरीच वस्तू हलाव्या लागतात.

गणित करून पाहू. घरगुती हार्ड डिस्क बहुधा मिनिटाला ७,२०० फेरे घेते, म्हणजे सेकंदाला १२०. एका फेऱ्याला सुमारे ८.३ मिलिसेकंद लागतात. हवी ती जागा टोकाखाली येण्यासाठी सरासरी अर्धा फेरा, म्हणजे सुमारे ४ मिलिसेकंद थांबावे लागते. टोक योग्य वर्तुळावर नेण्यासाठी आणखी आठ धरू. एकूण १२. खेळ सुरू होताना इकडेतिकडे विखुरलेले १०,००० तुकडे वाचायचे असतील, तर १,२०,००० मिलिसेकंद, म्हणजे दोन मिनिटे नुसती वाट पाहण्यात गेली.

एसएसडीमध्ये काहीच फिरत नाही. तिच्यातील फ्लॅश स्मृती तोशिबा कंपनीतील फुजियो मासुओका यांनी १९८४ साली मांडली आणि एसएसडीत वापरला जाणारा तिचा 'नँड' हा प्रकार १९८७ साली जाहीर झाला. यातील प्रत्येक सूक्ष्म घर चारी बाजूंनी विद्युतरोधकाने वेढलेले असते आणि त्यात अडकलेल्या इलेक्ट्रॉनांवरून शून्य की एक हे ओळखतात. १९९१ साली सनडिस्क कंपनीने अशी २० मेगाबाइटची डिस्क बनवली. आजच्या एसएसडीत एक तुकडा गाठायला सुमारे ०.१ मिलिसेकंद पुरतो. म्हणजे वरचे १०,००० तुकडे एका सेकंदात.

मग खेळ १२० पट लवकर उघडतो का? नाही. सगळे तुकडे विखुरलेले नसतात. सलग ठेवलेली माहिती हार्ड डिस्कही बऱ्यापैकी वेगाने वाचते. शिवाय दाबून लहान केलेली माहिती उलगडणे, चित्रे जुळवणे ही कामे प्रोसेसरची असतात आणि ती जागा बदलल्याने घटत नाहीत. खेळ एकदा स्मृतीत आल्यावर हालचाल अधिक सफाईदार होईलच, असेही नाही. वाट पाहण्याचा वेळ वाचतो, तेवढाच.

हा फरक वर्गात शब्दकोशाच्या साहाय्याने दाखवता येतो. एका गटाला एकाच पानावरचे वीस शब्द शोधायला द्या, दुसऱ्याला निरनिराळ्या अक्षरांनी सुरू होणारे वीस. दोन्ही गटांचा वेळ मोजा. वाचायला लागणारा वेळ सारखाच. फरक पाने उलटण्याचा.

शब्दकोशातील 'पाहा'

आता अडलेल्या खेळाकडे वळू. खेळ संगणकावर बसवताना त्याच्या फाइली एका फोल्डरमध्ये जातात आणि त्या कोठे आहेत याची नोंद संगणकाच्या दप्तरात वेगळी होते. आपण फोल्डर उचलून नेला, तरी ती नोंद जुन्याच पत्त्यावर बोट दाखवत राहते. ३०० आणि ७०० क्रमांकाच्या घरांची पंचाईत ती हीच.

यावर दोन उपाय आहेत. खेळ ज्या कार्यक्रमातून घेतला, त्यातच पुष्कळदा हलवण्याची सोय असते. ती फाइली नेते आणि नोंदही बदलते. दुसरा उपाय शब्दकोशातला आहे. एखाद्या शब्दापुढे अर्थ न देता 'पाहा अमुक' असे लिहिलेले असते. तसेच जुन्या जागी एक छोटी खूण ठेवता येते: 'हा फोल्डर आता तिकडे पाहा.' विंडोजमध्ये फोल्डरसाठी ही सोय २००० सालापासून आहे. खेळाला वाटते आपण जुन्याच घरी आहोत. वाचन नव्या घरातून होते.

कागदांचे स्थलांतर

हा प्रश्न खेळांपुरताच नाही. जालना जिल्ह्यातील अंतरवाली सराटी येथे २०२३ साली झालेल्या उपोषणानंतर मराठवाड्यातील जुन्या कागदपत्रांत कुणबी नोंदी शोधण्याचे काम शासनाने हाती घेतले. सप्टेंबर २०२३ मध्ये त्यासाठी निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली गेली. मागणीच्या बाजूचे किंवा विरोधाचे मुद्दे हा या लेखाचा विषय नाही. आपल्या दृष्टीने महत्त्वाचे हे, की मोडी आणि उर्दूतील जुनी पाने तपासून त्यांच्या प्रती संगणकावर घेण्यात आल्या.

कागदाचे चित्र डिस्कवर आले, की ते क्षणात कोठेही पाठवता येते. पण ते चित्रच असते. कोणत्या गावची, कोणत्या सालची, कोणाच्या नावाची नोंद कोणत्या पानावर आहे, हे मोडी जाणणाऱ्या माणसाने वाचून लिहिल्याशिवाय एखाद्या कुटुंबाला पणजोबांची नोंद सापडणार नाही. वेग डिस्क देते. पत्ता माणसाला लिहावा लागतो.

वेगवान जागा ही टिकाऊ जागा असतेच, असेही नाही. एसएसडी वीज न देता वर्षानुवर्षे कपाटात ठेवली, तर अडकलेले इलेक्ट्रॉन हळूहळू निसटू शकतात. जुना कागद जपून ठेवला, तर शंभर वर्षांनीही वाचता येतो. म्हणून प्रत केली तरी मूळ कागद जपावाच लागतो.

शाळेच्या संगणकावरील खेळ असो, निकालपत्रके असोत की जुनी हजेरीपत्रके, हलवण्याचा क्रम एकच ठेवावा. आधी प्रत करावी. मग पत्ता बदलावा. मग नवी प्रत उघडून पाहावी. ती नीट उघडली, तरच जुनी पुसावी.