लक्ष्मण देशपांडे यांचे एकपात्री नाट्य आणि मराठवाडी बोली

मराठी रंगभूमीची प्रमाणभाषा दीर्घकाळ पुण्या-मुंबईच्या नागर बोलीवर आधारलेली होती. मराठवाडा १९४८ पर्यंत हैदराबाद संस्थानात असल्यामुळे तेथे राज्यकारभाराची व उच्च शिक्षणाची भाषा उर्दू होती. अशा स्थितीत त्या प्रदेशाच्या बोलीला ग्रंथात आणि रंगमंचावर अल्पच स्थान मिळाले. ग्रामीण पात्राची बोली नाटकात आली तरी ती बहुधा गड्याच्या अथवा विनोदी दुय्यम पात्राच्या तोंडी असे. या पार्श्वभूमीवर डॉ. लक्ष्मण देशपांडे (१९४३–२००९) यांच्या कार्याचा विचार केला पाहिजे.

औरंगाबाद येथील मराठवाडा विद्यापीठाच्या नाट्यशास्त्र विभागात देशपांडे यांनी अध्यापन केले व पुढे विभागप्रमुखपद भूषविले. १९७९ मध्ये रंगमंचावर आलेल्या ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ या त्यांच्या एकपात्री प्रयोगात मराठवाड्यातील एका खेड्याचे वऱ्हाड विमानाने लंडनला जाते. कथानक एवढेच, परंतु वेषांतर न करता एकच नट बावन्न व्यक्ती उभ्या करीत असे. पु. ल. देशपांडे यांनी १९६१ मध्ये ‘बटाट्याची चाळ’ रंगमंचावर आणून बहुरूपी नटाची वाट रुंद केली होती. कीर्तनकार व बहुरूपी यांची परंपरा तर त्याहून कितीतरी जुनी होय. लक्ष्मणरावांचे वेगळेपण त्यांनी निवडलेल्या भाषेत आहे.

नेपथ्य व सहनट यांच्या अभावी पात्रांतील भेद दाखविण्याचे ओझे आवाजावर आणि शब्दांवर पडते. स्वराची उंची, वाक्याचा शेवट लांबविण्याची लकब, संबोधन, मध्येच घेतलेला विराम, एवढ्यावरच श्रोत्याने माणूस ओळखावयाचा असतो. विष्णुपुरी परिसरात आजही कानी पडणारे ‘जायलोय’, ‘करायलास’ यांसारखे क्रियारूप प्रमाणभाषेतील ‘जातोय’, ‘करतोयस’ यांहून रचनेनेच भिन्न आहे. त्यास केवळ अशुद्ध उच्चार म्हणता येत नाही. बोलीला असे स्वतःचे व्याकरण असते, म्हणूनच बोलणाऱ्याचे वय, नाते आणि पत यांच्या छटा तिच्यातून व्यक्त होऊ शकतात.

या प्रयोगातील हास्य बोलीची टवाळी करते काय, हा प्रश्न येथे टाळता येत नाही. ज्या नाटकात एकच पात्र बोलीत बोलते, तेथे श्रोता त्या बोलीला हसतो. परंतु जेथे अवघे वऱ्हाडच तीत बोलते, तेथे ती हसण्याचे कारण न राहता व्यवहाराचे माध्यम बनते. मग हसू येते ते माणसांच्या मानापानाला, रुसव्याला आणि परक्या मुलुखातील त्यांच्या गोंधळाला. पुण्या-मुंबईच्या प्रेक्षकांनीही ही बोली दीर्घकाळ ऐकली, हे त्यामुळेच शक्य झाले.

देशपांडे यांच्या निधनानंतर संदीप पाठक यांनी हा प्रयोग पुढे चालू ठेवला. त्याची संहिता पुस्तकरूपाने उपलब्ध आहे. तथापि छापील अक्षरात स्वराची चढउतार उतरत नाही. म्हणून त्यांच्या ध्वनिफिती रंजनाच्या वस्तू न मानता बोलीच्या अभ्यासाची साधने म्हणून जतन करणे हे मराठवाड्यातील विद्यापीठांचे कर्तव्य ठरते.